खेळातील खाते आणि दुसरी किल्ली

(केंद्रशाळेतील शिक्षण परिषदेत झालेल्या भाषणाचा मजकूर)



मोबाइलवरील खेळ हा विषय शिक्षण परिषदेत कशासाठी, असा प्रश्न काहींच्या मनात येणे स्वाभाविक आहे. खेळ बंद करा एवढे मुलांस बजावले की शिक्षकाचे कर्तव्य संपले, असे मानणारा वर्ग मोठा आहे. आणि मुलांच्या डोळ्यांची व अभ्यासाची होणारी हानी पाहता ते मत अगदीच निराधार आहे असेही म्हणता येत नाही. तथापि खेळावे की खेळू नये हा आजचा विषय नव्हे. मूल खेळत असते, वडिलांच्या फोनवर खेळत असते, आणि एके दिवशी त्याचे खाते चोरीस जाते. तेव्हा काय करावे, व तशी वेळ येऊ नये म्हणून आधी काय करून ठेवावे, एवढाच आजचा विषय आहे.

एका खेड्यातील सातवीच्या मुलाची हकीकत येथे उपयोगी पडेल. मुलगा गणितात हुशार. उत्तर देण्यासाठी त्याचा हात सर्वांच्या आधी वर होई. वडील दुसऱ्याच्या ट्रॅक्टरवर चालक. घरात फोन एकच, तो संध्याकाळी मुलाच्या हाती येई. लढाईच्या एका लोकप्रिय खेळात दोन वर्षे खपून त्याने आपला गडी वाढवला होता. एका शनिवारी खेळातल्याच एका अनोळखी सोबत्याने त्यास निरोप धाडला की, फुकट हिरे मिळण्याची योजना निघाली आहे; तुझा फोन नंबर व ईमेल कळव, फोनवर सहा आकडे येतील, तेवढे सांग म्हणजे झाले. मुलाने सांगितले. पाव तासाच्या आत खेळ बंद पडला आणि पुन्हा आत जाण्यास वाट उरली नाही.

पुढे चार दिवस तो कोणाजवळ काही बोलला नाही. घरात फोनवर ‘पुन्हा साइन इन करा’ अशी सूचना येत होती. वडील ती बोटाने बाजूस सारीत होते. वर्गात मुलाचा हात वर होईनासा झाला. गुरुवारी मधल्या सुट्टीत बाईंनी त्यास जवळ बोलावले.

“काय रे, बरं नाही का?”

तो गप्प.

“रागावणार नाही. सांग काय झालं ते.”

“बाई, अण्णांना सांगू नका.”

एवढे बोलून त्यास रडू कोसळले. मग सारी हकीकत बाहेर आली.

येथे पहिली गोष्ट ध्यानात घ्यावयाची ती ही की, मुलाच्या लेखी गेला तो खेळातला गडी. प्रत्यक्षात गेले होते वडिलांचे गूगलचे खाते. त्या खात्यात बँकेची पत्रे येत होती, आधारकार्डाची व सातबाऱ्याची छायाचित्रे ठेवलेली होती, नातेवाइकांचे फोन नंबर होते. चोरास हवा होता खेळातला गडी. हाती लागले घराचे दप्तर.

खेळातील खाते हे बहुधा स्वतःच्या पायावर उभे नसते. फ्री फायर मॅक्स काय किंवा बीजीएमआय काय, अशा खेळांत शिरताना गूगल, फेसबुक किंवा तत्सम दुसऱ्या खात्याच्या आधाराने शिरावे लागते. ते मूळ खाते ज्याच्या ताब्यात, त्याच्या ताब्यात खेळ. काही खेळांत ‘पाहुणा’ म्हणून खेळण्याची सोय असते. त्यात ईमेल लागत नाही म्हणून मुलांस ती सोपी वाटते. परंतु असे खाते त्या एका फोनाशी जखडलेले असते व फोन गेला की ते परत मिळण्याचा भरवसा राहत नाही. म्हणून ‘तुझा खेळ कशाने उघडतो?’ हा प्रश्न शिक्षकाने मुलास प्रथम विचारावा. पुष्कळ मुलांस याचे उत्तर ठाऊक नसते. पुष्कळ पालकांस तर असा काही प्रश्न असतो हेच ठाऊक नसते.

बाईंनी वडिलांस शाळेत बोलावून घेतले. त्यांचा राग ओसरण्यात बराच वेळ गेला, पण बाईंनी मुलास मारू दिले नाही. नंतर त्याच फोनवर गूगलच्या खाते परत मिळविण्याच्या पानावर जाऊन तेथे विचारलेल्या प्रश्नांची उत्तरे भरली. चोराने खात्याशी जोडलेला फोन नंबर बदलून टाकला होता. परंतु असा नंबर बदलला गेला तरी सात दिवसांपर्यंत जुन्या नंबरावर कोड पाठविण्याची सोय गूगल देऊ शकते. पाचवा दिवस होता, म्हणून जुन्या नंबरावर कोड आला आणि खाते परत मिळाले. मुलगा पुढच्या सोमवारपर्यंत गप्प राहता तर ती वाट बंद झाली असती. पैशांची हानी झाली असेल तर सात दिवसही फार होतात. तेथे तासांचा हिशेब असतो.

तेव्हा मुलाने चूक ताबडतोब सांगितली पाहिजे, आणि त्याने ती सांगावी असे वाटत असेल तर सांगणाऱ्या मुलाचे वर्गात काय होते हे इतर मुले पाहत असतात, याची जाणीव शिक्षकाने ठेवली पाहिजे. ‘आणखी खेळ!’ म्हणून ज्याचा वर्गासमोर उपहास झाला, त्याच्या मागचा दुसरा मुलगा कधीही तोंड उघडणार नाही. चोर जी मुले निवडतात ती मूर्ख असतात असे नाही. ती गप्प राहतील असा चोरांचा अंदाज असतो, आणि दुर्दैवाने तो बहुधा खरा ठरतो.

खाते परत मिळविण्याच्या कामात क्रम फार महत्त्वाचा आहे. आधी मूळ ईमेल, मग खेळ. पुष्कळ जण प्रथम खेळाच्या कंपनीकडे धाव घेतात. कंपनीने नवा पासवर्ड ठरविण्याचे पत्र पाठविले तर ते ईमेलमध्येच येणार, आणि ईमेलमध्ये चोर बसलेला असला तर ते तोच आधी वाचणार. पुन्हा, खाते परत मागताना ज्या फोनवर ते नेहमी उघडले जात होते तोच फोन वापरावा व नेहमीच्याच जागेवरून प्रयत्न करावा. तालुक्याच्या गावी एखाद्या दुकानातील संगणकावर बसून हे काम करणारे पालक बहुधा निराश होऊन परततात; कारण परका संगणक आणि परकी जागा पाहून समोरच्या यंत्रणेस संशय येतो. जुना पासवर्ड कोणता असे विचारल्यास आठवेल तो अंदाजाने लिहावा. जागा कोरी सोडण्यापेक्षा ते बरे.

आत प्रवेश मिळाला की पासवर्ड बदलावा. कोणकोणत्या फोनांवर व संगणकांवर खाते उघडे आहे त्याची यादी तेथे दिसते. तीतील अनोळखी नावे काढून टाकावीत. खात्याशी जोडलेला फोन नंबर व दुसरा ईमेल आपलाच आहे ना, हे पाहावे. आलेली पत्रे गुपचूप दुसऱ्या पत्त्यावर पाठविण्याची व्यवस्था चोराने करून ठेवलेली असू शकते. ईमेलच्या सेटिंगमध्ये तीही तपासावी. हे शेवटचे काम बहुतेक जण विसरतात.

यानंतर खेळाच्या कंपनीस खेळातील मदतीच्या सदरातून लिहावे. आपला खेळाडू क्रमांक, पूर्वी काही विकत घेतले असल्यास त्याच्या पावत्या व खात्याची जुनी छायाचित्रे सोबत द्यावीत. गूगल प्लेवरून केलेल्या खरेदीच्या पावतीवर ‘जीपीए’ या अक्षरांनी सुरू होणारा क्रमांक असतो. मालकी सिद्ध करण्यास तो उपयोगी पडतो. कंपनीचा खरा मनुष्य पासवर्ड कधीही मागत नाही. ‘पाचशे रुपयांत गेलेले खाते परत मिळवून देतो’ अशी जाहिरात करणारे पुष्कळ असतात. ते दुसरे चोर समजावेत. बँकेतून किंवा यूपीआयवरून पैसे गेले असतील तर १९३० या क्रमांकावर तत्काळ तक्रार नोंदवावी व बँकेसही कळवावे. तक्रार करताना मुलाचे नाव पुढे येईल म्हणून पालक कचरतात. फसविला गेलेला मुलगा गुन्हेगार नव्हे, हे शिक्षकाने त्यांस स्पष्ट सांगावे.

आता दुसऱ्या किल्लीविषयी. हिला द्विस्तरीय पडताळणी असे जड नाव आहे. गूगलच्या मराठी पानांवर ‘२-टप्पी पडताळणी’ असे लिहिलेले आढळते. नाव काहीही असो, कल्पना शिक्षकांस नवी नाही. शाळा व्यवस्थापन समितीच्या बँक खात्यातून रक्कम काढावयाची तर मुख्याध्यापक व अध्यक्ष या दोघांच्याही स्वाक्षऱ्या लागतात. एकट्याची सही कोणी हुबेहूब गिरवली तरी पैसे निघत नाहीत. पासवर्ड ही पहिली सही. ती डोक्यात असते, म्हणून ती कोणी पाहू शकतो, ओळखू शकतो किंवा फसवून काढून घेऊ शकतो. दुसरी सही म्हणजे हातातील वस्तू; येथे ती फोन होय. एटीएमचे कार्ड जवळ असावे लागते व पिन आठवावा लागतो, त्यातीलच हा प्रकार. कार्डाने ऑनलाइन पैसे देताना कार्डावर छापलेल्या मजकुराखेरीज आणखी एक पडताळणी रिझर्व्ह बँकेने १ ऑगस्ट २००९ पासून सक्तीची केली, तेव्हापासून आपल्याकडे ही दुसरी सही घरोघर पोहोचली.

पूर्वी कामाच्या सोयीसाठी अध्यक्षांची सही कोऱ्या धनादेशांवर आधीच घेऊन ठेवण्याची चाल काही शाळांत होती. जुन्या मुख्याध्यापकांस ते ठाऊक आहे व त्यातून कोणकोणते प्रसंग उद्भवले हेही ठाऊक आहे. फोनवर आलेले सहा आकडे दुसऱ्यास सांगणे म्हणजे नेमका हाच कोरा धनादेश देणे होय. त्या मुलाच्या बाबतीत चोराने कोणतेही कुलूप तोडले नाही. ‘पासवर्ड विसरलो’ असे त्याने गूगलला कळविले, गूगलने खऱ्या मालकाच्या फोनवर कोड पाठविला, आणि मुलाने तो चोरास दिला. ऑनलाइन माहिती भरण्याच्या घाईत शाळेच्या खात्याचा ओटीपी फोनवरून कोणालाही सांगून मोकळे होणारे शिक्षक आहेत. त्यांनी मुलांस या विषयावर उपदेश करण्यापूर्वी आपली ती सवय सोडावी.

खेळाच्या कंपन्यांस ही दुसरी किल्ली फार लवकर आणावी लागली, हे ऐकून आश्चर्य वाटेल. वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट हा खेळ चालविणाऱ्या ब्लिझर्ड या अमेरिकन कंपनीने २००८ साली खेळाडूंसाठी किल्लीच्या जुडग्यास अडकविता येईल असे लहानसे यंत्र विक्रीस काढले. ते कळ दाबताच आकडे दाखवी. स्टीम या खेळांच्या मोठ्या ऑनलाइन दुकानाने २०११ मध्ये ईमेलवरील कोड सुरू केला व २०१५ मध्ये फोनवरील. त्याच वर्षी डिसेंबरात स्टीमच्या चालकांनी जाहीर केले की दरमहा सुमारे ७७,००० खाती चोरीस जात आहेत. खेळातील तलवारी व पोशाख खऱ्या पैशाने विकले जाऊ लागले, म्हणून चोर आले. एवढे साधे त्याचे कारण होते. फोर्टनाइट या खेळाच्या चालकांनी २०१८ साली एक चतुराई केली. जो खेळाडू दुसरी किल्ली बसवील त्याच्या गड्यास त्यांनी एक नवा नाच फुकट दिला. मुलांस धोक्याचे भय दाखविण्यापेक्षा नाच देणे अधिक परिणामकारक होते, हे त्या व्यापाऱ्यांस कळले होते. शिक्षकांनीही यावर विचार करावा.

दुसरी किल्ली पुष्कळ प्रकारची असते. संदेशाने येणारा कोड सर्वांत परिचित आहे आणि काहीच नसण्यापेक्षा तो निश्चितच बरा. परंतु तो सिमकार्डावर अवलंबून असतो. कोणी बनावट कागदांनी आपल्या नंबराचे दुसरे सिम काढले तर कोड त्याच्याकडे जातो. खेड्यात याहून मोठी अडचण वेगळीच आहे. ऊसतोडीस गेलेली कुटुंबे सिम बदलतात, रिचार्ज राहून जातो. नव्वद दिवस नंबराचा काहीच वापर झाला नाही व शिल्लकही नसली तर कंपनी तो बंद करू शकते, आणि पुढे तो दुसऱ्या ग्राहकास दिला जातो. बंद पडलेला नंबर खात्यास जोडलेला राहिला, म्हणजे आपल्या घराची किल्ली अनोळखी मनुष्याच्या खिशात गेली. पालकसभेत इतर काही सांगता आले नाही तरी एवढे सांगावे की, नंबर बदलला की त्याच दिवशी खात्यातला नंबरही बदलावा.

फोनमध्ये कोड तयार करणारे ॲप त्यापेक्षा सरस. गूगल ऑथेंटिकेटर हे त्यांपैकी एक; ते फुकट मिळते. त्यास मोबाइलची रेंज लागत नाही, हा गुण खेड्यात फार मोलाचा आहे. रेंज नसताना समोरच्या कंपनीस आणि या फोनास एकच आकडा कसा सुचतो, हे कोडे मुलांपुढे अवश्य ठेवावे. आरंभी दोघांत एक गुप्त संख्या ठरते. नंतर दोघेही आपापल्या घड्याळातील वेळ व ती गुप्त संख्या यांवर एकच ठरावीक गणित करतात व त्यातून सहा आकडे काढतात. दर तीस सेकंदांनी उत्तर बदलते. घड्याळ चुकीचे असेल तर उत्तर चुकते. म्हणून फोनची वेळ आपोआप लागेल अशी ठेवावी लागते.

वर्गात याचा खेळ करता येतो. दोन मुलांस कानात ४७ ही संख्या सांगावी व एकास खोलीच्या एका टोकास, दुसऱ्यास दुसऱ्या टोकास बसवावे. घड्याळात ११ वाजून २३ मिनिटे झाली की दोघांनी २३ ला ४७ ने गुणावे व गुणाकाराचे शेवटचे दोन आकडे पाटीवर लिहावे. गुणाकार १०८१ येतो. दोघांच्याही पाट्यांवर ८१ उमटते. पुढच्या मिनिटास २४ गुणिले ४७ म्हणजे ११२८, दोन्हीकडे २८. दोघे एकमेकांशी बोलले नाहीत, तरी उत्तर जुळले. मधला वर्ग ८१ पाहतो, पण पुढच्या मिनिटास ते त्याच्या कामाचे राहत नाही. एखादे चौकस मूल ‘२३ ला कितीने गुणले म्हणजे शेवटी ८१ येतील’ असा उलटा हिशेब मांडून ४७ पर्यंत पोहोचेल. त्याची पाठ थोपटावी आणि सांगावे की, खऱ्या यंत्रणेतील गणित मुद्दामच असे निवडलेले असते की ते उलट दिशेने सोडविणे कोणासही शक्य होऊ नये.

तिसरा प्रकार म्हणजे फोनच्या पडद्यावर ‘आपणच साइन इन करीत आहात काय?’ असा प्रश्न येतो व होय किंवा नाही दाबावे लागते. हा सोपा आहे आणि म्हणूनच धोक्याचाही आहे. खेळाच्या मध्येच असा प्रश्न उमटला तर तो लवकर जावा म्हणून मुले होय दाबतात. आपण स्वतः त्या क्षणी कोठे प्रवेश करीत नसलो तर उत्तर नेहमी नाही, एवढा एक नियम मुलांस पाठ असू द्यावा.

किल्ली बसविणे अवघड नाही. फोनच्या सेटिंगमध्ये गूगल खात्यात जाऊन सुरक्षा या सदराखाली २-टप्पी पडताळणी सुरू करता येते. फेसबुकवरही तशी सोय आहे. खेळ ज्या खात्याने उघडतो त्या खात्यास ती प्रथम लावावी, आणि खेळाची स्वतःची सोय असल्यास तेथेही लावावी. तेरा वर्षांखालील मुलास स्वतःपुरते गूगल खाते उघडता येत नाही. पालकांच्या देखरेखीखालील खाते त्यास काढून देता येते. वडिलांच्या मुख्य खात्यावर खेळू देण्यापेक्षा हा मार्ग चांगला, कारण खेळातले भांडण मग घराच्या दप्तरापर्यंत पोहोचत नाही.

आता राहिला एकच फोन असलेल्या घराचा प्रश्न. फोन विहिरीत पडला तर दुसरी किल्लीही त्याबरोबर बुडाली. यासाठी गूगल दहा राखीव कोड देते. प्रत्येक आठ आकड्यांचा असून एकदाच चालतो. हे कोड फोनमध्ये छायाचित्र काढून ठेवू नयेत, कागदावर लिहावेत. कागदावर लिहिण्यास आजकाल मागासलेपणा समजतात, परंतु या एका बाबतीत कागदाइतके भरवशाचे दुसरे साधन नाही.

त्या मुलाच्या घरी हे काम झाले ते शुक्रवारी संध्याकाळी. खेळाच्या कंपनीने पुढे गडी परत दिला. त्याजवळचे हिरे मात्र खर्च झालेले होते, ते मिळाले नाहीत. वडिलांनी बाईंस विचारले, “बँकेच्या कोडाचंही असंच का, बाई?” असेच, असे बाईंनी सांगितले. दहा कोड मुलाने स्वतःच्या हाताने दोन कागदांवर उतरवले. एक कागद रेशनकार्डाच्या प्लॅस्टिकच्या पिशवीत गेला, आणि दुसरा आजीने आपल्या पत्र्याच्या पेटीत ठेवून पेटीची किल्ली कमरेस लावली.